पे-स्लिपवरचे दोनशे रुपये

तर झालं असं. फेब्रुवारीची पे-स्लिप आली आणि टीममध्ये गेल्या जूनला लागलेल्या एका पोराने चॅटवर विचारलं, "दादा, या वेळी पीटी ३०० का? दर महिन्याला २०० कापतात ना?" म्हटलं, बाबा रे, वर्षाचे अडीच हजार पुरे व्हायला पाहिजेत. अकरा महिने २०० आणि फेब्रुवारीत ३००. हिशोब लागला. मग पुढचा प्रश्न: "पण हा टॅक्स असतो कशाचा?"

मी सांगितलं की हा प्रोफेशन टॅक्स, म्हणजे व्यवसाय कर, महाराष्ट्राने १९७५ साली बसवला तो गावाकडच्या लोकांना रोजगार हमीचं काम देता यावं म्हणून. त्यावर त्याने लोळून हसणारा स्मायली टाकला आणि खाली लिहिलं, "म्हणजे आपण इथे रात्री दोन वाजता प्रॉडक्शन सपोर्ट करायचा आणि तिकडे लोक झाडाखाली झोपून आपल्या टॅक्सचा पगार घेणार."

ग्रुपवर त्याला अकरा लाईक मिळाले. अकरापैकी नऊ जण मराठी. त्यांतल्या निदान सहा जणांच्या घरी गावाकडून तांदूळ, ज्वारी नाहीतर आंब्याची पेटी येते हे मला पक्कं माहीत आहे, कारण त्यातले आंबे मी खाल्लेत :)

चॅटवर भांडण्यात अर्थ नसतो. तिथे जो जोरात टाईप करतो तो जिंकतो. म्हणून हा शनिवार इकडे. मंडळी, तुमचे दोनशे रुपये कोण खातो ते बघू. मला तुमच्याइतकाच राग आहे. फक्त तुमचा राग झाडाखाली झोपलेल्या माणसावर आहे, माझा दुसरीकडे.

आधी थोडा इतिहास. कंटाळा आला तरी वाचा, कारण ही गोष्ट आपल्या राज्याची आहे आणि शाळेत आपल्याला ती कुणी शिकवली नाही. वि. स. पागे हे त्या काळी विधान परिषदेचे सभापती होते. त्यांच्या डोक्यातली कल्पना साधी होती: गावात जो काम मागेल त्याला सरकारने अंगमेहनतीचं काम द्यायचं. काम असं, की त्यातून गावातच पाणी अडेल, माती टिकेल. १९६५ मध्ये सांगली जिल्ह्यात तासगाव तालुक्यातल्या विसापूरला त्याचा प्रयोग झाला. आपल्या भाषेत पायलट. मग १९७२ चा दुष्काळ आला आणि पायलट थेट लोडखाली गेला. मे १९७३ मध्ये महाराष्ट्रात दुष्काळी कामांवर सुमारे ५० लाख माणसं होती. पन्नास लाख! तेव्हा ना इंटरनेट, ना आधार, ना ॲप. कागदी हजेरीपट, मुकादम, आणि तलावाच्या बांधावर मातीची घमेली वाहणारी माणसांची रांग.

त्या रांगेत माझी आजी होती. जत तालुक्यातल्या एका गावात पाझर तलावाचं काम निघालं होतं, तिथे ती माती वाहायची आणि नंतर रस्त्याच्या कामावर खडी फोडायची. माझे वडील तेव्हा तेरा वर्षांचे. कामावर सुकडी मिळायची आणि रेशनवर लाल मिलो ज्वारी. त्या मिलोला काही चव नव्हती हे वडील अजून सांगतात, पण आजीने मिलोला कधी नाव ठेवलं नाही. ती म्हणायची, "मानसं मेली न्हाईत त्या साली. काम हुतं." एवढंच. आजीला अर्थशास्त्र येत नव्हतं, पण १९७२ मध्ये नेमकं काय घडलं ते तिने एका वाक्यात सांगितलं. पाऊस नव्हता, पीक नव्हतं, आणि तरी १९४३ च्या बंगालसारखं झालं नाही. ज्याँ द्रेझ या अर्थतज्ज्ञाने पुढे त्या दुष्काळाचा बारकाईने अभ्यास केला आणि त्याचाही निष्कर्ष आजीच्या आसपासच येतो. (आजीला हे सांगायचं राहून गेलं.)

दुष्काळ संपला. पण काम मागायचा हक्क ठेवायचा तर पैसा लागणार. तो कुठून आणायचा? इथे आपली एन्ट्री होते. १९७५ मध्ये व्यवसाय कराचा कायदा आला. नोकरदार, डॉक्टर, वकील, व्यापारी, ज्यांना महिन्याला बरा पगार किंवा धंद्यातून बरी कमाई आहे त्यांनी थोडं द्यायचं. बागायती जमिनीवर उपकर लागला, वाहनांच्या आणि विक्रीच्या करांवर अधिभार लागला. बीकेसीत ज्यांचं ऑफिस आहे त्यांनी मालमत्ता कराचं बिल कधी बघितलं तर त्यावर 'रोजगार हमी उपकर' अशी वेगळी ओळ दिसेल. आणि एवढं सगळं जमेल तेवढीच रक्कम राज्य सरकारने आपल्या तिजोरीतून त्यात घालायची, अशी अट.

म्हणजे हे दान नव्हतं हो. शहराने गावाशी केलेला करार होता. शहराला स्वस्त धान्य पाहिजे, भाजी पाहिजे, धरणाचं पाणी पाहिजे, आणि दुष्काळ पडला की फुटपाथवर लोंढे नकोत. गावाला पाहिजे वाईट दिवसांत हाताला काम. दोघांनी सही केली. आपल्या पे-स्लिपवरची ती ओळ म्हणजे त्या सहीची झेरॉक्स आहे.

१९७७ मध्ये रोजगार हमीचा कायदाच झाला, दोन्ही सभागृहांत एकमताने, आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो लागू झाला. त्याचं स्पेसिफिकेशन बघा, मला तर ते वाचून हेवा वाटला. ग्रामीण भागातली कुठलीही प्रौढ व्यक्ती, बाई असो वा पुरुष, अंगमेहनतीचं काम मागू शकते. मागितल्यापासून १५ दिवसांत काम द्यायचं, शक्यतो तिच्याच पंचायत समितीच्या हद्दीत. नाही दिलं तर बेकारी भत्ता. बाईला आणि पुरुषाला सारखाच दर. कामावर पिण्याचं पाणी, सावली, लहान पोरांना सांभाळायची सोय. आणि मुख्य म्हणजे दिवसांची मर्यादाच नाही! २००५ मध्ये दिल्लीने देशासाठी जो कायदा केला, जो पुढे मनरेगा झाला, त्यात हक्क कुटुंबाला होता आणि वर्षाला १०० दिवसांचा. आपला होता माणसाला, वर्षभराचा. देशाने आपला कोड फोर्क केला खरा, पण निम्मे फीचर्स काढून. (त्यानंतर आपल्याकडे पहिल्या १०० दिवसांचा खर्च केंद्राचा आणि पुढच्या दिवसांचा राज्याचा, अशी व्यवस्था झाली.)

हे ऐकल्यावर कुणीतरी म्हणणारच, "कागदावर सगळं छानच असतं." मान्य. "रोजगार हमी, अर्धे तुम्ही अर्धे आम्ही" ही म्हण मी लहानपणापासून ऐकतोय. मस्टरवर मेलेल्या माणसांची नावं, न खोदलेले चर, रस्त्याकडेला वर्षानुवर्षं पडून राहिलेले खडीचे ढीग, पुढाऱ्याच्या शेतात निघालेली विहीर. यातलं काहीही मी नाकारत नाही. माझ्या स्वतःच्या गावात मुकादमाने दोन मजली घर बांधलं ते काही मुकादमाच्या पगारातून नाही.

पण मग पूर्ण हिशोब करा ना राव. ढीग मोजताना तलावही मोजा. हिवरे बाजारला बस भरभरून लोक बघायला जातात आणि पोपटराव पवारांचं कौतुक करून येतात, करायलाच हवं. पण त्या डोंगरांवरचे पाणी अडवणारे समतल चर खणायला हात आणि मजुरी कुठून आली? बरीचशी रोजगार हमीतूनच. १९९० पासून रोहयोला फळबाग लागवड जोडली गेली. कोकणातले आंबा-काजू, सोलापूर-नाशिककडची डाळिंबं, यांचे कितीतरी हेक्टर त्यातून उभे राहिले. तुमच्या ऑफिसच्या पॅन्ट्रीतल्या फ्रूट बाऊलमध्ये तुमच्या आईबाबांचा प्रोफेशन टॅक्स आहे, एवढं म्हटलं तरी चालेल.

आणि खाल्लं गेलं म्हणून योजना बंद करायची तर आपल्याकडे सगळ्यात आधी रस्ते बांधणं बंद करायला हवं. वाकोल्यातला आमच्या बिल्डिंगसमोरचा रस्ता गेल्या चार वर्षांत तीनदा खणलाय. तेव्हा कुणी म्हणत नाही की कॉन्ट्रॅक्टर लोकांना फुकट खायची सवय लागली, डांबर घालणंच बंद करा.

आता गंमत बघा. करार आपण पाळतोय. पीटी कापायला एचआर एक महिनाही विसरत नाही. दुसऱ्या बाजूचं काय झालं? १९९० च्या दशकात बरीच वर्षं अशी गेली की या करांतून जमलेली रक्कम जास्त आणि रोजगार हमीवर झालेला खर्च कमी. अभ्यासकांनी हे आकड्यांनिशी लिहून ठेवलंय. जमलं गावासाठी, आणि तिजोरीत दुसऱ्या कामांना सोयीचं झालं. मला राग येतो तो इथे. माझ्या पगारातून एका कारणासाठी पैसे घेतले आणि ते त्या कारणाला गेले नाहीत, तर मला लुटलं कुणी? झाडाखालच्या माणसाने?

तो माणूस कोण आहे, ते तरी बघू.

वाकोला पुलाखाली सकाळी साडेसात-आठला जा. मी रोज तिथून रिक्षा पकडतो. चाळीस-पन्नास माणसं उभी असतात. कुणाच्या हातात थापी, कुणाच्या पिशवीत रंगाचे ब्रश, बाकीचे नुसते हात घेऊन आलेले बिगारी. नऊपर्यंत कुणी ठेकेदार आला तर काम, नाही आला तर परत खोलीवर. गेल्या पावसाळ्यात आमच्या घरात गळती झाली तेव्हा तिथूनच एक मामा आणले होते. जिंतूर तालुक्यातले. जिंतूर म्हणजे परभणी जिल्हा. पाईपलाईनच्या बाजूला एका खोलीत सात जण राहतात. बायको आणि म्हातारी आई गावाला, तीन एकर कोरडवाहू. चहा पिता पिता मी विचारलं, "मामा, गावात रोजगार हमीचं काम नाही का?"

"हाय ना. कार्ड बी हाय माझं. पेटीत ठिवलंय."

"मग काम मागितलं का?"

"मागितलं तर. गेलतो दोनदा. ते म्हनले, सध्या काम निघालं नाही, निघालं की सांगू."

"अर्ज दिला? तारीख टाकलेली पावती घेतली?"

मामा माझ्याकडे असे बघायला लागले की जणू मी त्यांच्याकडे पासपोर्ट मागितला. "साहेब, पावती मागितली की मानूस नजरेत येतो. पुढं म्हातारीच्या निराधारच्या पैशाचं काम त्याच हापिसात असतंय."

झालं. सगळी सिस्टीम या एका वाक्यात. आपल्या धंद्यातल्या माणसाला हे समजवायला लागू नये. क्लायंटशी करार आहे की तिकट उघडल्यापासून १५ दिवसांत सोडवायचं, नाहीतर दंड. दंड टाळायचा सगळ्यात सोपा मार्ग कुठला? तिकटच उघडू द्यायचं नाही. फोनवर म्हणायचं, "हो हो, बघतो." महिन्याच्या शेवटी डॅशबोर्ड हिरवागार. ज्या दिवशी काम काढायचंच आहे त्या दिवशी मागणी नोंदवायची, म्हणजे मागितलेलं आणि दिलेलं यांचे आकडे जुळतात. हक्काच्या कायद्यातला बेकारी भत्ता हा जवळपास कुणालाच मिळत नाही, तो यामुळे. आणि मग दिल्ली-मुंबईत एसीत बसलेला कुणी शहाणा रिपोर्ट बघून म्हणतो, "पाहा, गावात कामाला मागणीच नाही."

हा डॅशबोर्ड कुणी बनवला? आपण. म्हणजे आपल्यासारख्यांनी.

याबद्दल थोडं जास्त लिहितो, कारण बाकी विषयांवर माझ्यापेक्षा जाणकार लोक आहेत पण इथे मला कळतं. कायदा सांगायचा की मजुरी १५ दिवसांत द्या, उशीर झाला तर भरपाई द्या. भरपाईचा दर दिवसाला ०.०५ टक्के. म्हणजे हजार रुपये अडकले तर दिवसाला पन्नास पैसे, हा विनोद वेगळाच. पण हीसुद्धा नीट मोजली गेली नाही. पैसे जाण्याचे दोन टप्पे होते. पहिल्यात खालचं ऑफिस हजेरी, मोजमाप वगैरे भरून पैसे देण्याचा आदेश तयार करायचं. दुसऱ्यात केंद्राकडून रक्कम खात्यात जायची. कित्येक वर्षं सॉफ्टवेअर फक्त पहिल्या टप्प्याचा उशीर मोजत होतं. दुसऱ्या टप्प्यात पैसे कितीही दिवस अडकले तरी सिस्टीममध्ये तो उशीर नव्हताच! सर्वोच्च न्यायालयाला मे २०१८ मध्ये सांगावं लागलं की मजुराला दोन्ही टप्प्यांची भरपाई मिळाली पाहिजे. कुणीतरी स्पेक लिहिला असेल, कुणीतरी टेस्ट केस पास केली असेल, कुणीतरी त्या रिलीजचा केक कापला असेल. बग असता तर मी समजू शकलो असतो. ही रिक्वायरमेंट होती.

पुढे हजेरीचं ॲप आलं, एनएमएमएस. १ जानेवारी २०२३ पासून सगळ्या कामांवर सक्तीचं. दिवसातून दोनदा मजुरांचे फोटो, लोकेशनसकट. डोंगरात रेंज नाही, मेटचा फोन जुना, फोटो चढला नाही की दिवसभराची माती वाहून हजेरी शून्य. बरं, याने चोरी तरी थांबली? जुलै २०२५ मध्ये ग्रामविकास मंत्रालयालाच परिपत्रक काढून लिहावं लागलं की लोक भलतेच फोटो चढवतात, फोटोचा फोटो काढून चढवतात. म्हणजे चोराने आठवड्याभरात वळसा शोधला आणि खरा मजूर मात्र रेंजसाठी टेकडी चढतोय. १ जानेवारी २०२४ पासून मजुरी आधार जोडणीवरूनच. जॉब कार्डावर 'लक्ष्मीबाई' आणि आधारवर 'लक्ष्मी', की अडकले पैसे. आपण मूल्य दोन टेबलांत जुळत नाही तर रात्रभर जागून फिक्स टाकतो, कारण क्लायंट ओरडतो. लक्ष्मीबाई ओरडत नाही.

टेक्नॉलॉजी वाईट असं मी म्हणत नाहीये, नाहीतर पोट कशावर भरू. एकत्र आंध्र प्रदेश असताना तिथे रोजगार हमीची मजुरी स्मार्टकार्डवर, गावातच माणूस बसवून द्यायला लागले. तीन अर्थतज्ज्ञांनी, मुरलीधरन, नीहाउस आणि सुखटणकर यांनी, त्याची मोठ्या प्रमाणावर चाचणी केली. पैसे लवकर मिळाले, गळती कमी झाली, गरीब घरांचं उत्पन्न वाढलं. आणि त्यातली सगळ्यात भारी गोष्ट म्हणजे उत्पन्नातली बहुतेक वाढ योजनेच्या मजुरीतून नव्हतीच, बाहेरच्या मजुरीतून होती. हमीचं काम खरंच मिळतंय म्हटल्यावर शेतावरच्या मालकालाही दर वाढवावा लागला. तिथे कार्ड मजुराच्या सोयीसाठी बनवलं होतं. आपलं ॲप त्याला पकडण्यासाठी बनवलंय. फरक कोडमध्ये नाही, यूजर कोण मानलाय त्यात आहे.

तेव्हा गावाकडचे काका जेव्हा तक्रार करतात की "रोजगार हमीमुळे मजूर मिळेनात", तेव्हा मी मान डोलावतो आणि मनात म्हणतो, काका, तेच तर पाहिजे होतं. आपणही दुसरी ऑफर हातात असल्याशिवाय मॅनेजरशी पगाराचं बोलत नाही. भूमिहीन बाईच्या हातात दुसरी ऑफर म्हणजे रोजगार हमी. २०२५-२६ साठी महाराष्ट्रातला दर होता दिवसाला ३१२ रुपये. नाक्यावरच्या बिगारीला मुंबईत याच्या दुप्पट मिळतात, तेही आठवड्यातले तीन-चार दिवस. ३१२ साठी कुणी झाडाखाली मजेत झोपायला येत नाही. उन्हात दगड फोडायला येतो, तो घरी काही नसतं म्हणून.

"त्यापेक्षा सरळ खात्यात पैसे टाका, लाडकी बहीण आहेच." हेही ऐकलं. ऑगस्ट २०२४ पासून बायकांच्या खात्यात महिन्याला १५०० येऊ लागले तेव्हा माझ्या नात्यातल्याच चार जणींच्या हातात पहिल्यांदा स्वतःचे पैसे आले, मी त्याला हसणार नाही. पण १५०० म्हणजे ३१२ च्या दराने पाच दिवसांचंही काम नाही. आणि पैसे सरकारने दिले तर मिळतात, निवडणुकीच्या हिशोबाने कमी-जास्त होतात. काम मात्र मी मागितलं म्हणून सरकारला द्यावं लागतं. 'देतो' आणि 'द्यावं लागतं' यातला फरक गावातल्या पुढाऱ्याला बरोबर कळतो. म्हणून त्याला पहिलं आवडतं.

जागतिक बँकेचंही ऐका. २००९ च्या अहवालात त्यांनी या योजनेला लोकांच्या शहरांकडे जाण्यातला अडथळा म्हटलं आणि २०१४ च्या अहवालात ग्रामीण विकासाचं झळाळतं उदाहरण. पाच वर्षांत योजना तीच होती. मग २०२० च्या टाळेबंदीत नाक्यावरची हीच माणसं चालत गावी गेली. त्या वर्षात देशभर साडेसात कोटींहून जास्त कुटुंबांनी मनरेगाचं काम केलं. आपण वर्क फ्रॉम होम करत होतो. तेही होमवरच होते, फक्त वर्क खड्ड्यात होतं.

आता ताजी गोष्ट. डिसेंबर २०२५ मध्ये संसदेने मनरेगाच्या जागी नवा कायदा मंजूर केला. नाव लांबलचक आहे, विकसित भारत आहे त्यात आणि शेवटी जी राम जी होतं. दिवस १०० वरून १२५. ग्रुपवर लगेच "बघा, वाढवले" असा मेसेज आला. पण खालची प्रिंट वाचा. आधी मजुरीचा सगळा खर्च केंद्राचा होता, आता बहुतेक राज्यांसाठी वाटणी ६०-४०. कोणत्या राज्याला किती रक्कम ते केंद्र निकष लावून आधी ठरवणार, त्यावरचा खर्च राज्याने आपल्या खिशातून करायचा. आणि पेरणी-कापणीच्या हंगामात वर्षातले मिळून ६० दिवसांपर्यंत कामं बंद ठेवायची सोय. म्हणजे काम मागणाऱ्यांच्या संख्येवर पैसा ठरायचा, तो आता पैशावर काम ठरणार. अनलिमिटेड डेटा पॅक म्हणायचा आणि फेअर यूसेज लिमिट लावायची, हे टेलिकॉमवाल्यांकडून शिकले बहुतेक. आणि हंगामातली सुट्टी कुणाच्या सोयीची? जेव्हा मजुराला बाहेर भाव मिळायची वेळ, तेव्हाच त्याच्या हातातली दुसरी ऑफर काढून घ्यायची. वरती कागदावर १२५.

म्हणूनच मला ही पे-स्लिपवरची ओळ आता पुन्हा महत्त्वाची वाटते. राज्याला ४० टक्के द्यायचे आहेत तर मंत्रालयात सुरुवातीलाच गळा काढला जाईल की पैसे नाहीत. पैसे नाहीत कसे? ५० वर्षं आम्ही त्याच कामासाठी कर भरतोय. आणि कमी पडत असतील तर आमच्याकडून जास्त घ्या. होय, जास्त. शिव्या द्यायच्या तर द्या. राज्यघटनेत व्यवसाय कराची वरची मर्यादा आधी वर्षाला २५० रुपये होती, ती १९८८ मध्ये २५०० झाली आणि तिथेच थांबली. १९८८ मध्ये २५०० म्हणजे कित्येकांचा महिन्याचा पगार होता. आज महिना साडेदहा हजार कमावणारा सिक्युरिटी गार्ड २०० देतो आणि तीन लाखवाला आर्किटेक्टही २००. (बायकांना २५ हजारांपर्यंत माफी आहे, ती २०२३ पासून.) बीकेसीत एक कॉफी आणि एक क्रोसाँ घेतलं की २०० कधीच पार होतात. माझ्या वर्षभराच्या २५०० मध्ये ३१२ च्या दराने एका माणसाला फक्त आठ दिवसांचं काम मिळतं. आठ दिवस! आणि तेवढ्यावर आपण 'टॅक्सपेअर' म्हणून अख्ख्या मराठवाड्याला शिस्त शिकवायला निघतो.

२०१६ च्या उन्हाळ्यात घाटकोपरच्या भटवाडीत मोकळ्या मैदानावर नांदेडच्या मुखेड तालुक्यातली कुटुंबं पालं टाकून राहिली होती, आठवतं? पेपरात फोटो आले होते. आम्ही ऑफिसमधून जुने कपडे आणि बिस्किटांचे पुडे गोळा करून नेले. मीही नेले. खूप बरं वाटलं होतं तेव्हा. एका बाईने पिशवी घेतली, बाजूला ठेवली आणि विचारलं, "दादा, इकडं कुठं काम हाय का?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. तिने जे मागितलं ते १९७७ पासून तिचं होतं, आणि त्यासाठी मी दर महिन्याला पैसे भरत होतो, हे मला त्या दिवशी माहीतसुद्धा नव्हतं.

तर नव्या पोरा, तुझ्या चॅटला हे माझं उत्तर. तुझे पैसे गेले कुठे हा प्रश्न एकदम रास्त आहे, फक्त पत्ता चुकलाय. मी माहितीच्या अधिकारात अर्ज लिहून ठेवलाय. तीन प्रश्न आहेत. गेल्या दहा वर्षांत दरवर्षी व्यवसाय करातून किती रक्कम जमली? त्यातली आणि राज्याच्या जोडरकमेतली किती रोजगार हमीवर प्रत्यक्ष खर्च झाली? आणि त्याच वर्षांत किती जणांना बेकारी भत्ता दिला, जिल्हानिहाय? फी दहा रुपये. अर्ज मराठीत आहे, दीड पानाचा. कुणाला त्यावर आपलं नाव घालून पाठवायचा असेल तर मेल करा, फाईल पाठवतो. एकाच वेळी बारा अर्ज गेले तर निदान कुणीतरी फाईल उघडेल.

मामा होळीला गावी चाललेत. त्यांना काम मागणीचा कोरा अर्ज आणि कार्बन पेपर दिलाय. पावती मागणार का विचारलं तर म्हणाले, "बघतो." जे ऑफिसात ऐकून आले तेच मला ऐकवलं :) त्यांच्या पुतण्याला सोबत घेऊन जा म्हटलंय, तो बारावी झालाय आणि त्याला निराधारच्या पैशाची भीती नाही. काय होतं ते पुढच्या शनिवारी किंवा त्याच्या पुढच्या.